राज्यविचाराची पुस्तकं गटाने वाचताना : विट्यातल्या (जि. सांगली) प्रकल्प नोंदी

९ जून २०२४

लोकसभेचा निकाल लागला, तरी वाचनालयाच्या वृत्तपत्र विभागात विषय तोच आहे. लोकशाही, हुकूमशाही, संविधान हे शब्द प्रत्येकाच्या तोंडी आहेत, पण बोलणं फिरून फिरून माणसांच्या नावांवर येऊन थांबतं. राज्य कशासाठी असतं, त्याचं कुठवर ऐकायचं, न्याय कशाला म्हणायचं, यावर ज्यांनी आयुष्य घालवलं त्यांची पुस्तकं आपल्या कपाटात नाहीत, आणि जी दोन-चार आहेत त्यांची पानंही कुणी उलटलेली नाहीत. म्हणून दर रविवारी सकाळी गटाने बसून मूळ पुस्तकं वाचायची असं ठरलं. परीक्षेच्या नोट्स वाचायच्या नाहीत, व्हिडिओ बघायचे नाहीत.

गटात एक निवृत्त शिक्षिका आहेत (गावभर त्या 'बाई'च), एक वकील, स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारी दोन मुलं, यंत्रमागावर काम करणारा एक दादा, द्राक्ष बागायतदार अण्णा, एक आरोग्यसेविका ताई आणि तहसील कार्यालयातून निवृत्त झालेले काका. मी वाचनालयाचा कार्यवाह. किल्ली, झेरॉक्स आणि या नोंदी माझ्याकडे. दुसऱ्या गावात कुणाला असा गट सुरू करायचा असेल तर उपयोग होईल, म्हणून लिहून ठेवतो आहे.

यादी काळाच्या क्रमाने केली आहे. प्लेटोपासून सुरुवात आणि महिन्याला एक पुस्तक.

३० जून

प्लेटोचं 'रिपब्लिक'. जॉवेटचं १८७१ मधलं इंग्रजी भाषांतर इंटरनेटवर मोफत मिळतं, त्याच्या प्रती काढल्या. एकूण दहा भाग. पहिल्या भागाला खोली दणाणली. सॉक्रेटिसाशी वाद घालणारा थ्रॅसिमॅकस तावातावाने उठतो आणि न्याय म्हणजे बलवानाचं हित असं ठणकावून सांगतो. काका म्हणाले, "हा माणूस खोटं बोलत नाही." वकीलसाहेब सॉक्रेटिसाच्या बाजूने उभे राहिले आणि ठरलेली वेळ कधी उलटून गेली ते कळलं नाही.

दुसऱ्या भागापासून गाडी रुतली. सॉक्रेटिस आदर्श नगर रचू लागतो, समोरचे बहुतेक वेळा 'खरंय', 'अर्थातच' एवढंच म्हणतात. भांडणारा माणूस गेला आणि आमचं वाचन थंडावलं. त्यात प्रत्येक भागाला एक वक्ता नेमला होता. त्याने वाचून यायचं आणि बाकीच्यांना सांगायचं. झालं असं की वक्ता वाचून आला आणि इतरांनी वाचणं सोडलं. स्पर्धा परीक्षेची मुलं वक्त्याचं बोलणं मुद्द्यांमध्ये उतरवून घेऊ लागली, म्हणजे जे टाळायचं होतं तेच सुरू झालं. आज निम्म्या खुर्च्या रिकाम्या होत्या. पेरणीचे दिवस आहेत हे खरं, पण पेरणी नसलेलेही आले नव्हते.

संपूर्ण पुस्तकाच्या झेरॉक्स प्रतींचा खर्च जवळजवळ वाया गेला. पानाला दीड रुपया लागतो. यापुढे पूर्ण पुस्तकाची प्रत काढायची नाही.

१४ जुलै

आजची बैठक फक्त घडी बदलण्यासाठी घेतली. प्लेटोचा पहिला भाग का चालला आणि पुढचे का चालले नाहीत, हे बाईंनी नेमकं सांगितलं. त्या म्हणाल्या, ही पुस्तकं कुणाला तरी दिलेली उत्तरं आहेत. आपण नुसतं उत्तर वाचतो, ते कुणाला दिलं हे वाचत नाही, म्हणून ते हवेत राहतं.

आता काळाचा क्रम रद्द. एकमेकांशी भांडणारी पुस्तकं जोडीने घ्यायची आणि त्यातलीही निवडक प्रकरणं. वक्ता नाही. परिच्छेद तिथेच मोठ्याने वाचायचा, दुसऱ्याने तो आपल्या मराठीत सांगायचा, मग बोलायचं. घरून वाचून यायची सक्ती नाही. वकीलसाहेबांना हे शेवटचं पटलेलं नाही. पण दादा दोन पाळ्यांत काम करतो, ताईंना गावोगाव फिरावं लागतं. त्यांना वगळून न्यायावर चर्चा करण्यात काय अर्थ आहे?

एक तांत्रिक गोष्ट. सतराव्या-अठराव्या शतकातलं इंग्रजी आमच्यातल्या शिकलेल्यांनाही झेपत नाही. जोनाथन बेनेट या तत्त्वज्ञानाच्या प्राध्यापकांनी हॉब्ज, लॉक, रूसो वगैरेंच्या ग्रंथांची सोप्या इंग्रजीतली रूपं 'अर्ली मॉडर्न टेक्स्ट्स' नावाने मोफत ठेवली आहेत. आम्ही तीच वापरणार. मराठीत पार्श्वभूमी हवी असेल तर मराठी विश्वकोशातल्या नोंदी ऑनलाइन आहेत. बहुतेक विचारवंतांवर नोंद सापडते.

११ ऑगस्ट

पहिली जोडी बर्क आणि पेन. ही जोडी नव्या गटाने सर्वांत आधी घ्यावी. १७९० च्या नोव्हेंबरात ब्रिटिश खासदार एडमंड बर्कने फ्रेंच राज्यक्रांतीवर टीका करणारं पुस्तक काढलं. पिढ्यान् पिढ्या चालत आलेल्या संस्था एका झटक्यात मोडू नका, मागचे, आत्ताचे आणि पुढचे अशा सगळ्यांचा तो करार आहे, असं त्याचं म्हणणं. त्याच महिन्यात मेरी वुल्स्टनक्राफ्ट या इंग्रज लेखिकेने उत्तर छापलं, पहिल्या आवृत्तीवर नाव न घालता. पुढच्या वर्षी टॉमस पेनचं 'राइट्स ऑफ मॅन' आलं. मेलेल्यांनी जिवंतांवर राज्य करायचं का, हा त्याचा सवाल. १७९२ मध्ये इंग्लंडमध्ये त्याच्यावर राजद्रोही लेखनाचा खटला भरला गेला आणि तो गैरहजर असतानाच त्याला दोषी ठरवलं गेलं.

अण्णा बर्कच्या बाजूने बोलतील असं वाटलं नव्हतं. पण ते म्हणाले, शेतीत एका हंगामात सगळं बदलायला निघालेला माणूस बुडतो, बर्क तेच सांगतोय. त्यावर ताईंनी विचारलं, "अण्णा, सगळी जुनी वहिवाट चांगलीच असती तर माझ्या आईला शाळेत का घातलं नाही?" पुढचा पाऊण तास बर्क आणि पेन खोलीत होते, फक्त आवाज अण्णांचे आणि ताईंचे होते.

शेवटी जोतीराव फुल्यांकडे आलो. पेनचं हे पुस्तक त्यांनी तरुणपणीच वाचलं होतं. १८७३ मधली 'गुलामगिरी' त्यांनी अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या लोकांना अर्पण केली. पेन वाचून मग 'सार्वजनिक सत्यधर्म' उघडलं, तर पेनचा हक्कांचा विचार इथल्या जातिव्यवस्थेला आणि घरातल्या बाईला लावून बघणारा माणूस दिसतो. हक्क मोजताना फुले पुन्हा पुन्हा स्त्री आणि पुरुष दोघांना धरतात. पेनने तसं केलेलं नाही. वुल्स्टनक्राफ्टला १७९२ मध्ये स्त्रियांच्या हक्कांसाठी वेगळं पुस्तक लिहावं लागलं. फुल्यांना आपण समाजसुधारक म्हणून हार घालतो आणि राज्यविचाराच्या यादीतून वगळतो. अभ्यासक्रमात काहीही असो, आमच्या यादीत ते आता कायमचे आहेत.

२५ ऑगस्ट

हॉब्ज आणि लॉक. हॉब्जचं 'लेव्हायथन' १६५१ मधलं, इंग्लंडमधली यादवी ताजी असतानाचं. तेरावं आणि सतरावं प्रकरण पुरेसं आहे. कुणाचाच धाक नसेल तर माणसाचं जगणं एकाकी, दरिद्री, ओंगळ, पाशवी आणि अल्पायुषी होतं, म्हणून सगळ्यांनी मिळून एका माणसाच्या किंवा एका सभेच्या हाती सत्ता द्यावी. हे लवकर उरकलं, कारण ते सगळ्यांना लगेच कळलं.

खरा वेळ गेला लॉकच्या पाचव्या प्रकरणावर. राज्यसत्तेवरच्या १६८९ च्या त्याच्या दुसऱ्या प्रबंधात तो सांगतो की पृथ्वी सगळ्यांची, पण माणूस आपले श्रम ज्यात मिसळतो ते त्याचं होतं. अण्णांनी मान डोलावली, कूळकायद्यात त्यांच्या वडिलांना जमीन मिळाली ती याच न्यायाने. मग दादाने पुढचा परिच्छेद वाचायला घेतला आणि मध्येच थांबला. लॉक म्हणतो, माझ्या घोड्याने खाल्लेलं गवत, माझ्या नोकराने कापलेली माती आणि मी खणलेलं खनिज, हे सगळं माझं. दादा म्हणाला, "माती कापली नोकराने. घाम त्याचा. मग ती मालकाची कशी झाली? दोन ओळी आधी तर हाच म्हणत होता, ज्याचे श्रम त्याची वस्तू."

वकीलसाहेब म्हणाले, मजुरी दिली की श्रम विकत घेतले. दादाचं उत्तर, "तसं त्याने इथं लिहिलेलं नाही. इथं त्याने नोकराला घोड्याच्या रांगेत बसवलंय."

लॉकच्या या वाक्यावर अभ्यासकांनी पुष्कळ लिहिलं आहे. आमच्याकडे ते यंत्रमागावर काम करणाऱ्या माणसाने, कुणी न सुचवता, मजकूर मोठ्याने वाचताना पकडलं. सारांश ऐकला असता तर ते वाक्य आलंच नसतं. वाचन मजकुरावरूनच करायचं, हा हट्ट यापुढे सोडणार नाही.

२२ सप्टेंबर

मध्ये गणपतीत खंड पडला. आज इटलीचा मॅकियाव्हेली आणि आपला कौटिल्य. ही जोडी फसली.

दोघांची नावं नेहमी एका दमात घेतली जातात म्हणून घेतली. पण ते एकमेकांना उत्तर देत नाहीत. एकाला दुसऱ्याचा पत्ता असण्याचा प्रश्नच नव्हता. परिणामी आमचा मोठा की त्यांचा मोठा, एवढाच वाद झाला. मजकूर बाजूला पडला. पुढच्या गटांनी ही दोन पुस्तकं वेगवेगळ्या महिन्यांत घ्यावीत.

कौटिल्याचं वाचायचंच असेल तर राजनीतीची घासून गुळगुळीत झालेली वचनं सोडा आणि त्याच्या 'अर्थशास्त्रा'चं दुसरं अधिकरण, म्हणजे दुसरा विभाग, घ्या. खात्यांच्या अध्यक्षांची कामं, हिशेबाच्या वह्या, आणि सरकारी पैसा खाण्याचे चाळीस प्रकार. पाण्यातला मासा पाणी कधी पितो ते कळत नाही, तसा कामावर नेमलेला माणूस पैसा कधी खातो ते कळत नाही, हे वाक्य तिथलंच. काकांनी ते दोनदा वाचायला लावलं आणि मग जमिनीच्या नोंदी कशा फिरवल्या जातात ते इतक्या बारकाईने सांगितलं की मुलांनी वह्या मिटून ऐकलं. हा ग्रंथ शतकानुशतकं हरवल्यासारखाच होता. म्हैसूरला शामशास्त्रींच्या हाती पोथी आली आणि १९०९ मध्ये तो छापला गेला. नंतर मुंबई विद्यापीठासाठी र. पं. कंगल्यांनी केलेली चिकित्सक आवृत्ती जगभर प्रमाण मानली जाते, याचा आपल्याला अभिमान असायला हवा.

मॅकियाव्हेलीला वाचवलं त्याच्या एका पत्राने. १५१२ मध्ये त्याची फ्लॉरेन्समधली नोकरी गेली, पुढच्या वर्षी कटाच्या संशयावरून तुरुंगात त्याचे हाल केले गेले. मग तो गावाकडच्या घरी राहिला. १० डिसेंबर १५१३ च्या पत्रात तो मित्राला लिहितो की दिवसभर शेतात आणि खानावळीत जातो, पण संध्याकाळी चिखलाचे कपडे काढून दरबारी पोशाख घालतो आणि जुन्या लेखकांच्या सहवासात बसतो. त्यांना प्रश्न विचारतो आणि ते उत्तर देतात. त्यातूनच आपण राज्यांवर एक लहान पुस्तक लिहिल्याचं तो कळवतो. तेच 'प्रिन्स'. आधी हे पत्र वाचून घ्या, मग पुस्तक क्रूर वाटलं तरी परकं वाटत नाही.

२० ऑक्टोबर

द्राक्षांची फळछाटणी सुरू, त्यामुळे अण्णा नाहीत. विधानसभेचा प्रचारही सुरू आहे. गट लहान होता, पण जॉन स्टुअर्ट मिल या इंग्रज विचारवंतासाठी ते बरंच झालं.

'ऑन लिबर्टी', १८५९. पहिली तीन प्रकरणं. दुसऱ्या प्रकरणातला युक्तिवाद आगरकरांच्या वाचकाला ओळखीचा वाटेल. मिल आणि स्पेन्सर पचवूनच त्यांनी १८८८ मध्ये 'सुधारक' काढलं. मिलचा युक्तिवाद असा : एकटा माणूस सगळ्यांच्या विरुद्ध बोलत असला तरी त्याचं तोंड बंद करण्याचा हक्क कुणालाच नाही. मग तिसऱ्या प्रकरणाच्या सुरुवातीला धान्य व्यापाऱ्याचं उदाहरण येतं. धान्याचे व्यापारी गरिबांना उपाशी मारतात, हे मत छापून आलं तर त्याला हात लावू नये. तेच मत व्यापाऱ्याच्या घरापुढे जमलेल्या खवळलेल्या जमावाला ओरडून सांगितलं तर शिक्षा होऊ शकते. मुलांनी लगेच विचारलं, व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवरचा मेसेज छापील मानायचा की जमावापुढचा? यावर एकमत झालं नाही. मला स्वतःला वाटतं, जमाव निघालेला असेल त्या रात्री तो घरापुढचाच आवाज आहे, इतर वेळी छापील.

पण मिलला डोक्यावर घेण्याआधी पहिल्या प्रकरणातला एक परिच्छेद गाळू नका. हे स्वातंत्र्य त्याच्या मते 'मागासलेल्या' समाजांना लागू नाही. त्यांचं भलं होणार असेल तर त्यांच्यावर हुकूमशाही योग्यच, आणि नशीब असेल तर त्यांना एखादा अकबर किंवा शार्लमेन मिळेल. हा माणूस १८२३ पासून १८५८ पर्यंत ईस्ट इंडिया कंपनीच्या लंडन कचेरीत नोकरीला होता. हिंदुस्थानच्या कारभाराचे कागद त्याच्या टेबलावरून जात होते. ताई फार अस्वस्थ झाल्या. पुस्तक फेकून द्यावं का, असा प्रश्न त्यांनी खरोखर विचारला.

उत्तर बाईंनी दिलं, बाबासाहेबांच्या २५ नोव्हेंबर १९४९ च्या संविधान सभेतल्या भाषणाचा आधार घेऊन. लोकशाही टिकवायची तर कितीही थोर माणसाच्या पायाशी आपलं स्वातंत्र्य वाहू नका, हा इशारा बाबासाहेब तिथे मिलचं नाव घेऊन देतात. मिलने ज्यांना स्वातंत्र्याच्या यादीबाहेर ठेवलं होतं, त्याच देशाची घटना सिद्ध होताना त्याचंच वाक्य त्याच्या यादीवर मात करून उभं राहिलं. पुस्तक कसं वाचावं याचं याहून चांगलं उदाहरण मला माहीत नाही.

१० नोव्हेंबर

गलाईच्या, म्हणजे सोनं-चांदी गाळण्याच्या, धंद्यानिमित्त दक्षिणेत स्थायिक झालेली माणसं दिवाळीला गावी आलेली, त्यांच्यातले काही आज बसले. खुर्च्या कमी पडल्या. मतदान दहा दिवसांवर आहे, म्हणून एकच नियम घातला होता, उमेदवाराचं आणि पक्षाचं नाव घ्यायचं नाही. तो सगळ्यांनी पाळला.

'हिंद स्वराज्य' आणि 'जातिप्रथेचे उच्चाटन'. पहिलं गांधींनी नोव्हेंबर १९०९ मध्ये इंग्लंडहून दक्षिण आफ्रिकेला जाताना बोटीवर गुजरातीत लिहिलं, उजवा हात थकला की डाव्या हाताने. पुढच्याच वर्षी इंग्रज सरकारने त्यावर बंदी घातली. दुसरं १९३६ मधलं. लाहोरच्या जात-पात-तोडक मंडळाने बाबासाहेबांना अध्यक्षपदासाठी बोलावलं, भाषणाचा मसुदा पाहून त्यात बदल मागितले. त्यांनी नकार दिला, परिषद बारगळली. मग त्यांनी ते भाषण स्वतःच्या खर्चाने छापलं. त्यावर गांधींनी 'हरिजन'मध्ये लिहिलं, आणि बाबासाहेबांनी १९३७ च्या आवृत्तीत ती टीका आणि आपलं उत्तर दोन्ही जोडलं. म्हणजे इथे भांडण एकाच पुस्तकात बांधून मिळतं. इंग्रजी मूळ महाराष्ट्र शासनाने काढलेल्या लेखन-भाषणांच्या पहिल्या खंडात आहे. वसंत मून यांनी संपादित केलेला तो खंड पीडीएफ रूपात मोफत मिळतो. झेरॉक्सचा खर्च फक्त निवडलेल्या पानांचा.

आधी भीती होती की खोलीत दोन तट पडतील. पडलेही, पण अपेक्षेप्रमाणे नाही. यंत्र आणि शहर माणसाला पोकळ करतात हे गांधींचं म्हणणं दादाला पटलं, तो आयुष्यभर मागाच्या खडखडाटात उभा राहिला आहे. जातीबद्दल मात्र तो बाबासाहेबांच्या बाजूने ठाम होता. जात ही नुसती कामाची नव्हे, काम करणाऱ्यांचीही वाटणी आहे, हे वाक्य ताईंनी वाचलं तेव्हा काही क्षण कुणी बोललं नाही. मग एकेकाने आपापल्या गावातल्या पाणवठ्याबद्दल, स्मशानाबद्दल सांगायला सुरुवात केली. मी ते इथे लिहीत नाही, ते त्यांचं आहे. इतकंच नोंदवतो की ज्यांच्याशी आपण रोज चहा पितो त्यांच्याकडून हे पहिल्यांदा ऐकलं, आणि ते या पुस्तकामुळे ऐकलं.

१५ डिसेंबर

न्यायावर लिहिणारे तीन अलीकडचे विचारवंत : जॉन रॉल्स, रॉबर्ट नोझिक, अमर्त्य सेन. तिघांची पुस्तकं जाडजूड आणि प्रताधिकारातली, म्हणून वाचनालयासाठी प्रत्येकी एक प्रत विकत घेतली. प्रकल्पातला सर्वांत मोठा खर्च हाच. देणगीदाराला आधी सांगून ठेवा.

रॉल्सचं 'अ थिअरी ऑफ जस्टिस', १९७१. तिसरं, अकरावं आणि चोविसावं कलम एवढंच घेतलं. आपण गरीब की श्रीमंत, कुठल्या घरात जन्मणार, हे काहीच माहीत नसताना समाजाचे नियम ठरवायचे असतील तर कोणते ठरवाल? अमूर्त वाटत होतं. अण्णांनी ते आमच्या भागातल्या टेंभू सिंचन योजनेवर आणलं, "आपलं रान कालव्याच्या हेडला आहे की टेलला हे माहीत नसताना पाणी सोडायचं पाळीपत्रक करायचं." तिथून पुढे कुणाला समजावून सांगावं लागलं नाही.

नोझिकने १९७४ मध्ये याला उत्तर दिलं. वाटणी कितीही समान करा, लोक राजीखुशीने देवाणघेवाण करतील आणि ती समानता मोडेल. ती टिकवायची तर सतत लोकांच्या व्यवहारात हात घालावा लागेल. तो बास्केटबॉलच्या खेळाडूचं उदाहरण देतो, आम्ही त्या जागी जंगी मैदानातला पैलवान घेतला. सेन २००९ च्या पुस्तकात एक बासरी आणि तीन मुलं समोर ठेवतात. एकाला ती वाजवता येते, एकाकडे दुसरं खेळणंच नाही, एकीने ती स्वतः बनवली आहे. बासरी कुणाला द्यावी?

आमच्याकडे या प्रश्नावर माणसांनी पुस्तक न लिहिता काम करून ठेवलं आहे. १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पुरंदर तालुक्यात नायगावला पाणी पंचायत उभी केली. पाणी जमिनीवर नव्हे, घरातल्या माणसांवर मोजायचं. भूमिहीनालाही वाटा. ऊस नाही. आणि जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर विकला जात नाही. वकीलसाहेब इथे थबकले. नोझिकचा आक्षेप नेमका या नियमावर येऊन आदळतो. माझा वाटा मला विकता येत नसेल तर तो माझा आहे का? अण्णा म्हणाले, विकता आला असता तर पाच वर्षांत सगळं पाणी एका बागेत गेलं असतं. "आणि ती बाग कदाचित माझीच असती," हेही तेच म्हणाले.

आमच्याच खानापूर तालुक्यात, येरळेवर बळीराजा स्मृती धरण आहे. नदीतल्या वाळूच्या विक्रीतून लोकांनी पैसा उभा केला, बांधायला स्वतः राबले आणि भूमिहीनांसह सगळ्यांना समान पाणी हे तत्त्व धरलं. सेनच्या तीन मुलांपैकी बासरी बनवणारी आणि काही नसलेली, इथे एकाच गावात राहतात.

वादाचा निकाल लागला नाही. वकीलसाहेबांना हक्क विकता यायलाच हवा असं अजून वाटतं. त्यांनी नोझिकचं सातवं प्रकरण घरी नेलं आहे, पुढच्या वेळी लेखी मुद्दे आणणार आहेत. अण्णा आणि दादा धरणावर जाऊन तिथल्या जुन्या माणसांना विचारणार आहेत की भूमिहीन आपल्या वाट्याच्या पाण्याचं प्रत्यक्षात काय करतात, दुसऱ्याच्या रानात वाट्याने पिकवतात की आणखी काही. त्यांचं उत्तर येईपर्यंत नवं पुस्तक उघडायचं नाही असं ठरलं. त्यानंतर वुल्स्टनक्राफ्ट आणि ताराबाई शिंदे यांची १८८२ मधली 'स्त्री-पुरुष तुलना'. ते वाचन ताई चालवतील, निवडक पानांच्या प्रती पुढच्या रविवारपर्यंत काढून ठेवतो.